चाफ्याची करंगळी

भिलाई, कॅम्प
१६ फेब्रुवारी १९५९

तेजराम,

धाकट्या भावाला पत्र लिहिताना ‘चिरंजीव’ असा मायना लिहावा, असं शाळेत शिकवलं होतं. तो लिहायला हात वळला नाही. नुसतं नाव लिहिते.

सुखराम परवा राउरकेल्याहून ट्रक घेऊन आला. मशिनीच्या पेट्या उतरवल्या आणि घरी न जाता आधी माझ्या दारात उभा राहिला. पाणी मागितलं आणि ते हातातच धरून ठेवलं. म्हणाला, “ताई, तेजराम दिसला मले. टेसनापाशी चहाच्या दुकानात. मी हाक मारली तं वळून पायलं त्यानं. मंग उठून चालला गेला.” मी म्हटलं, सारख्या चेहऱ्याची माणसं असतात बाबा. तर म्हणाला, “चेहरा सोडा. ग्लास धरला होता ना त्यानं. करंगळी बाहेर होती.”

मग मला दुसरी खूण नको होती. लहानपणी गाडीच्या जुवाखाली सापडून वाकडी जुळलेली तुझी ती करंगळी. कपबशी असो की ग्लास, चार बोटं कामाला लागतात आणि ती एकटी सासूवर रुसलेल्या सुनेसारखी लांब उभी राहते.

तुला ठाऊक नसेल तर सांगते, तू मेला आहेस. श्रावण सरताना शिवनाथ नदीच्या काठावर तुझे कपडे सापडले आणि त्यांच्यावर कारखान्याचा बिल्ला, नीट दगडाखाली ठेवलेला. नदीला पूर होता. केवटांनी जाळी टाकून टाकून हात टेकले. माय काठावरून उठेना. मी तिच्या शेजारी बसून पाण्याकडे बघत होते. आम्ही पाण्याकडे बघत होतो तेव्हा तू गाडीत बसून बाहेरची झाडं बघत होतास, होय ना?

रुक्माला तेव्हा चौथा महिना होता, हे तुला ठाऊक होतं. बाया तिच्या बांगड्या फोडायला आल्या, तर तिनं दोन्ही हात पदरात घेतले. म्हणाली, “शरीर दाखवा. शरीर पायलं का मीच फोडीन.” त्या दिवसापासून ती रोज कुंकू लावते आणि कॅम्पातल्या नळावर बाया तिच्या कपाळाकडे बघतात. पौषात बाळ झालं. अजून त्याचं नाव ठेवलेलं नाही, कारण बापाची तेरवी झालेली नाही, आणि तेरवी नाही तोवर घरात पाळणा बांधायचा नाही. बाळाला आम्ही सगळे ‘ए’ म्हणतो. आता ते ‘ए’ म्हटलं की बघायला लागलंय.

मायनं बोरसीच्या महाराजांना विचारलं. ते म्हणाले, शरीर नसेल तर शरीर करावं लागतं. पळसाच्या पानांची देठं बांधून माणूस करायचा. डोक्याला नारळ, डोळ्यांना कवड्या, दातांना डाळिंबाचे दाणे, हाताच्या बोटांना चाफ्याच्या कळ्या. तो नदीवर नेऊन जाळायचा. जाळला की माणूस मेला. मग तो कुठे चहा पीत बसला असला तरी मेला. अमावास्येला, म्हणजे नऊ मार्चला, जाळायचं ठरलं आहे.

आणि तो माणूस मी करणार आहे. तुझे भाऊजी नागपूरच्या चितारओळीतले, मूर्तिकारांच्या घराण्यातले. आता क्रेनवर नि वॅगनवर नंबर घालत असले तरी हात मूर्तीचा. पण ते म्हणाले, “आमच्या घराण्याचं काम पाण्यात जाते. आगीत जाणारी वस्तू मी करत नाई.” लग्नानंतर सासऱ्यांच्या हाताखाली मी दरसाल गोकुळाष्टमीला मातीचे कान्होबा केले, चेहरे काढले, म्हणून मायनं माझं नाव पुढे केलं. महाराज कुरकुरले की बाईनं असलं काम करू नये. मायनं त्यांना गप्प केलं, “पयल्यांदा बी त्याले बाईनंच बनवला होता, महाराज.”

महाराजांनी आणखी एक सांगितलं. असा जाळलेला माणूस पुढे परत आला, तर त्याला पुन्हा जन्माला घालावं लागतं. तुपाच्या घागरीत बसवतात, दुपट्यात गुंडाळतात, बारसं करतात आणि बायकोशी पुन्हा लग्न लावतात. आपली आत्या तर गेली. तुझ्या कानात कुर्र करून नाव सांगायला मलाच यावं लागेल. मिशीवाल्या बाळाच्या! तेव्हा तसली वेळ आणू नकोस. नऊ तारखेच्या आत ये. का गेलास म्हणून मी विचारणार नाही. (विचारीन, पण पाळणा झाल्यावर.)

हे पत्र सुखराम उद्या घेऊन निघतो आहे.

तुझी ताई,
सिंधू


भिलाई
२४ फेब्रुवारी १९५९

तेजराम,

सुखराम आला. म्हणाला, “पत्र घेतलं त्यानं. खिशात ठेवलं. बोलला काई नाई.” मी म्हटलं, मान तरी हलवली? “नाई.” तुझी मान लहानपणी बरी हलायची, खोटं बोलताना तर फारच.

मी मायला सांगितलं. सांगायचं नव्हतं, पण ती भिंतीकडे तोंड करून तुझ्याशी बोलत बसते, ते बघवेना. माय म्हणाली, “सुखरामले आण माह्यासमोर.” आणला. बाबारावकाकाही येऊन बसले होते. तिथे सुखरामनं माझ्याकडे न बघता सांगितलं, “अंधार होता, माय. कोनी दुसरा असंल.” बाहेर पडल्यावर मी त्याला गाठलं, तर हात जोडून म्हणतो, “ताई, त्यानं मले शपथ घातली. आन् पोलिसाच्या भानगडीत मले नका टाकू, माह्यी नोकरी टरकची आहे.” आता माय माझ्याशी धड बोलत नाही. तिला वाटतं, मला भावाची गती होऊ द्यायची नाही. दोन वेळा मेल्यासारखा झालास तू तिला, आणि दुसऱ्यांदा तुला मी मारलं.

रुक्माला मी सांगितलेलं नाही. का, ते मलाच नीट कळत नाही. तू आलास तर सांगायची गरज नाही. नाही आलास तर काय सांगू?

काल हथखोजकडे पळस आणायला गेलो. रुक्मा म्हणाली, मी पण येते. बाळाला पाठीशी बांधलं आणि निघाली. माळावर पळस असा फुललाय की कारखान्याच्या नव्या भट्टीचा उजेड फिका वाटावा. पण पानं बहुतेक गळलेली. देठं खालून वेचावी लागली. वर सगळं लाल आणि आम्ही दोघी खाली बसून वाळका पाचोळा निवडतोय. ‘कुठेही गेलं तरी पळसाला पानं तीनच’ हे बाबांचं ठरलेलं बोलणं, तू घरातून निघालास की तुझ्या पाठीवर टाकलेलं. तिकडे राउरकेल्याच्या पळसाला चौथं फुटलंय का रे?

रुक्मा देठं जुळवत होती, जाड एकीकडे आणि बारीक एकीकडे. मध्येच थांबली आणि मला म्हणाली, “ताई, तुमाले खरंच वाटते का, थे मेले म्हून?”

माझ्या तोंडून निघालं, “महाराज म्हणतात तसं करायचं.”

“महाराजाले नाई इचारत मी. तुमाले इचारून राहिली.”

मी वाकून देठं गोळा करायला लागले. बाळ तिच्या पाठीवर जागं होतं आणि माझ्याकडे बघत होतं. तुझे डोळे नाहीत त्याला, रुक्माचे आहेत. पण बघण्याची तऱ्हा तुझी, एखादी वस्तू ढापायच्या आधी तू जसा बघायचास तशी.

परतताना रुक्मानं एक पळसाचं फूल तोडून बाळाच्या मुठीत दिलं. घरी येईपर्यंत मुठीत त्याचा चोथा झाला होता. बाळानं मूठ सोडली नाही.

ये तेजराम. तुझ्या हातापाया पडते असं लिहीन, पण मी मोठी आहे. तुझ्या मायच्या पाया पडून सांगते, ये.

ताई


भिलाई
३ मार्च १९५९

तेजराम,

तू माझं दुसरं पत्र उभ्यानं वाचलंस आणि सुखरामला एवढंच विचारलंस, “पोरगा का पोरगी?”

सुखरामनं सांगितलं नाही, कारण मी त्याला तशी ताकीद दिली होती. मीही सांगणार नाही. येऊन दुपटं उघडून बघ. पण तू विचारलंस यानं मी दिवसभर हलकी होते. स्वयंपाकात दोनदा मीठ घातलं. ज्याला विचारावंसं वाटतं तो येतो, असं मी स्वतःला सांगते आहे.

आता माझा बेत ऐक. पुतळा मी मुद्दाम वाईट करते आहे. रुक्मा सगळ्यांसमोर बोलून बसली आहे की शरीर पाहिल्याशिवाय बांगड्या फोडणार नाही. तिच्यासमोर शेतातलं बुजगावणं नेऊन ठेवलं तर ती म्हणेल, हे शरीर नाही. मग बाबारावकाका ओरडतील, महाराज पंचांग काढतील, अमावास्या टळेल आणि तुला आणखी महिना मिळेल. म्हणून मी छाती पिशवीसारखी केली, एक पाय लांब ठेवला, मान केलीच नाही. मूर्ती बिघडवणं किती अवघड असतं, हे मला या वयात समजलं. देठं बांधताना हात आपोआप खांदा उतरता करतो, तुझा डावा उतरतो तसा. मी सोडते, पुन्हा बांधते, तो पुन्हा उतरतो.

काल उतईच्या देवळाच्या आवारातून चाफ्याच्या कळ्या आणल्या. खऱ्या कळ्या आदल्या दिवशी ताज्या लावायच्या, या नुसत्या मापाला. एकेक कळी देठाच्या टोकाला दोऱ्यानं बांधली आणि नळाला पाणी आलं म्हणून उठले. परत आले तर तुझे भाऊजी पहिली पाळी संपवून दारात उभे. पायातले बूटही काढले नव्हते. पुतळ्याच्या हाताकडे बघत म्हणाले, “सिंधू, हा तं तेजराम आहे.”

मी बघितलं. चार कळ्या सरळ होत्या. पाचवी बाहेर वाकली होती. देवाशपथ सांगते, मी ती वाकवली नव्हती. म्हणजे वाकवली मीच, पण मला कळलं नव्हतं.

“आता ह्याले जाळाल कसे तुमी?” ते म्हणाले. “रुक्मानं हे बोट पायलं तं संपलं. माहीत आहे ना तुले?”

मी ती कळी उपटून काढली आणि सरळ कळी बांधली. गाठ बसेना, ती त्यांनी मारून दिली. आगीत जाणाऱ्या वस्तूला त्यांनी तेवढा हात लावला. मग बाहेर जाऊन बराच वेळ हात धूत होते.

सासरे कान्होबा करताना म्हणायचे, “पोरी, जे उद्या पाण्यात जाणार आहे, त्याच्यावर मेहनत जास्त घे. राहणाऱ्या वस्तूले जपणारे लोक भेटतात. जाणारीले कोनी नाई.” मला तेव्हा ते म्हाताऱ्याचं बोलणं वाटायचं. एका रात्रीसाठी डोळ्याच्या पापण्या कशाला काढायच्या? आता मी त्याच्या उलट करते आहे, जाणारी वस्तू मुद्दाम बिघडवते आहे, आणि हात माझं ऐकत नाहीत. सासऱ्यांचं ऐकतात.

तू इथे इतक्या उंचावर लोखंड चढवायचास, खालून बघताना मायचे डोळे पांढरे व्हायचे. त्या माणसाला घराची एक पायरी चढायला काय होतं? भीती वाटत असेल तर तसं सांग. कर्ज असेल, भांडण असेल, तर आपण निस्तरू. रुक्मा काही बोलली असेल तर मी तिचे कान उपटते. पण मला वाटत नाही ती काही बोलली. ती फार बोलत नाही, हेच तिचं वाईट आहे.

सहा दिवस राहिले. डोळ्यांच्या कवड्या मी अजून लावलेल्या नाहीत. आमच्या कामात डोळे शेवटी.

ताई


भिलाई
८ मार्च १९५९

तेजराम,

हे पत्र तुला पोचेल तेव्हा तू मेलेला असशील.

सुखराम आज सकाळी आला. दारात उभा राहिला नाही, सरळ आत आला आणि जमिनीवर बसला. मी विचारलं, कुठे आहे तो? मला वाटलं ट्रकमध्ये असशील, लाजून बसला असशील. मी पदर सावरून बाहेर निघालेही होते.

“ताई, थो नाई आला,” सुखराम म्हणाला. “त्यानं सांगतलं, जाळून टाका म्हना. मेला म्हून सांग सबन लोकायले. इथं माह्यं घर आहे आता.”

“घर म्हणजे?”

“बाई आहे घरात. दरवाज्यात उभी होती.”

मी विचारलं, तिसरं पत्र दिलंस? दिलं म्हणाला. वाचलं? “न वाचता वापस देऊन राहिला होता, मी नाई घेतलं.” मग मी विचारलं, बाळाचं काही विचारलं का त्यानं? ते मी सगळ्यांत शेवटी विचारलं, कारण त्याच्यावर माझं सगळं उभं होतं.

“नाई.”

तर सापडलं म्हणायचं तुला पळसाचं चौथं पान. सांभाळून ठेव.

तुझा मला राग आला असं लिहिलं तर ते कमी पडेल. मी तुझ्या पुतळ्याला पायानं ढकलून दिलं. मग उचलून मांडीवर घेतलं, कारण मान मोडली असती. मानच नव्हती, तरी घेतलं. एवढी वर्षं तुला उचलून घ्यायची सवय आहे, ती एका सकाळीत जात नाही.

आता ऐक, मी काय करणार आहे. रुक्माला मी खरं सांगू शकते. मग ती सवाष्ण राहील, कपाळभर कुंकू लावील, आणि जन्मभर टाकलेली म्हणून जगेल. मेलेल्याच्या बायकोला लोक निदान दुःख तरी करू देतात. टाकलेलीला विचारतात, तुझ्यातच काय कमी होतं? नळावर विचारतील, हळदीकुंकवाला विचारतील, आणि बाळ मोठं झालं की त्याला विचारतील. बाळाला काय सांगायचं? तुझ्या बापानं पूर आलेल्या नदीकाठी बिल्ला दगडाखाली नीट ठेवला, वाहून जाऊ नये म्हणून, आणि तुम्हा दोघांना तसंच टाकून गेला?

नाही सांगणार मी. बाळाचा बाप शिवनाथेत बुडाला. चांगला होता, उंचावर चढायचा, कोणाला घाबरत नव्हता.

दुपारभर बसून मी पुतळा पुन्हा केला. या वेळी हाताला जे करायचं होतं ते करू दिलं. डावा खांदा उतरता केला. मान केली. छाती केली, पावसात भिजून यायचास तेव्हा मी पुसायची ती. कणकेचा हात फिरवून वर पळसाच्या फुलांचा रंग लावला, तर उन्हातून आलेल्या माणसाचं अंग दिसायला लागलं. माय येऊन बसली. तिनं नारळावरून हात फिरवला आणि म्हणाली, “केस कावून नाई लावले वं?” मी काथ्याचे केस लावले. ते तिनं बोटांनी विंचरले. आज बऱ्याच दिवसांनी ती माझ्याशी बोलली.

चाफा ताजा आणला आहे. चार कळ्या सरळ बांधल्या. पाचवी हातात घेतली आणि बाहेर वाकवली. या वेळी मला कळत होतं.

उद्या रुक्मा ते बोट बघेल आणि तिला पटेल. तिला पटवायला मी माझ्या भावाचं शरीर विकलं असं तुला वाटत असेल तर वाटू दे. तू ते आधीच दगडाखाली ठेवून गेला होतास.

आता कवड्या लावते.

सिंधू


भिलाई
२३ मार्च १९५९

मायना लिहीत नाही. कारण पुढे कळेल.

अमावास्येला सकाळी पुतळा अंगणात ठेवला. सगळा कॅम्प लोटला होता. मायनं त्याच्या डाळिंबाच्या दातांवर पाणी सोडलं आणि म्हणाली, पोरगा तहानलेला होता. मग रुक्माला आणलं. ती आली, उभी राहिली. चेहऱ्याकडे तिनं बघितलंच नाही. मी इतका जीव ओतून केलेला चेहरा. ती सरळ हाताशी बसली. चाफ्याचा हात आपल्या तळव्यावर घेतला. करंगळीवर तिचं बोट थांबलं.

मग तिनं मान वर केली आणि माझ्याकडे पाहिलं. फार वेळ. मला वाटलं, आता माझ्या पोटातलं सगळं लोकांना दिसेल.

तिनं तो हात अलगद खाली ठेवला, पाटा जवळ ओढला आणि दोन्ही मनगटं त्याच्यावर आपटली. कोणा बाईला हात लावावा लागला नाही. रडली नाही. बाया तिच्या वतीनं रडल्या.

जाळायला नदीवर बायकांनी जायचं नसतं. तुझे भाऊजी गेले होते, येऊन सांगत होते की चाफा लगेच जळत नाही. आधी काळा पडतो, मुडपतो, मूठ वळल्यासारखा. मग पाचही बोटं एकदम गेली. नारळ फुटला तेव्हा बाबारावकाका दचकले. राख शिवनाथेत सोडली. “शेवटी पाण्यातच गेलं,” तुझे भाऊजी म्हणाले, आणि त्यांना त्यातून थोडं बरं वाटलेलं दिसलं.

तेरवी झाली. पाहुणे गेल्यावर रुक्मा आणि मी मागच्या दारी भांडी घासत होतो. ती म्हणाली, “ताई, बोट तुमीच वाकवलं.”

मी राखेचा हात तसाच ठेवला. “हो.”

“थे जिते आहेत. राउरकेल्याले आहेत. मले मालूम आहे.”

माझ्या हातून परात निसटली. सुखरामनं पहिल्या फेरीनंतर घरी बायकोला सांगितलं होतं. ती मैनाबाई दुसऱ्या दिवशी नळावर रुक्माच्या कानाशी लागली होती. म्हणजे हथखोजला पाचोळा वेचताना तिनं मला जे विचारलं, ते तिला ठाऊक असलेलं होतं.

“मग बोलली का नाहीस?” मी म्हटलं.

“तुमी बी नाई बोलल्या,” ती म्हणाली. “मले वाटे, ताई भावाले सांभाळून राहिली. सांभाळनारच. रक्ताची आहे. मंग म्या म्हटलं, पाहू आपन. जवरिक त्यायच्याकडून एक मानूस उभा आहे, तवरिक मी बांगड्या फोडनार नाई. काय सांगावं, तुमी आनान बी त्यायले. थे वाकडं बोट पायलं, आन् समजलं का मले पटवाले तुमीच वाकवलं, म्हंजे तुमी बी सोडलं त्यायले. मंग कोनासाठी ठेवू?”

भांडी घासायला मला सुचेना. मी तिला फसवण्यासाठी बोट वाकवलं होतं. ती फसली नव्हती. मी तुला पाठवलेल्या चार पत्रांपेक्षा मोठं पत्र तिनं त्या एका कळीत वाचलं होतं, आणि ते मी तिला लिहिलं आहे हे मलाच ठाऊक नव्हतं. मी रडले. पुरापासून पहिल्यांदा रडले. ती माझ्या पाठीवरून ओला हात फिरवत बसली. वयानं माझ्यापेक्षा किती लहान आहे ती.

मग म्हणाली, “ताई, पाळन्यात नाव त्यायचंच ठेवा.”

“कोणाचं?”

“त्यायचंच. मेलेल्या मानसाचं नाव ठेवते ना लोक? ठेवा. मंग उद्या थे आले तं कोन म्हून येतील?”

मायला वाटलं, सून नवऱ्याची आठवण ठेवते आहे. तिनं रुक्माची अलाबला घेतली. काल पाळणा झाला. रुक्माच्या गळ्यात काही नव्हतं, हात उघडे होते, पण पाळण्याची दोरी तिनंच धरली. मी आत्या. मी वाकून बाळाच्या कानात कुर्र केलं आणि नाव सांगितलं. लहानपणी तुला हाक मारताना मी शेवटचं अक्षर लांबवायची, तसंच लांबवलं. बाळ हसलं आणि माझी करंगळी धरून बसलं. सुटेना. बायकांना हसू आलं.

महाराजांनी सांगितलं होतं ते मी विसरलेले नाही. जाळलेला माणूस परत आला तर त्याला पुन्हा जन्माला घालता येतं, तूप लागतं, दुपटं लागतं, आणि कानात नाव सांगणारी लागते. तूप मिळेल. पण माझ्याकडे नाव एकच होतं, ते मी काल देऊन टाकलं.

सुखराम उद्या निघतो आहे. हे शेवटचं पत्र त्याच्याकडे द्यायला पाकीट घेतलं आणि वर काय लिहावं म्हणून केव्हाची बसून आहे. तू विचारलं होतंस ना, पोरगा का पोरगी? तेजराम इथे पाळण्यात झोपला आहे. मग हे पाकीट मी कोणाच्या नावानं पाठवू?

तेजरामची आत्या,
सिंधू